फुटणारे दिवे आणि रिकामे हात

ग्रामपंचायतीने चौकात दिवा लावावा आणि आठवड्याच्या आत तो कुणीतरी फोडावा, हे कित्येक गावांच्या अंगवळणी पडले आहे. पुन्हा दिवा, पुन्हा दगड. शाळेच्या खिडक्यांची आणि एसटीच्या निवाऱ्याची तीच गत. चोरी म्हणावी तर काही नेलेले नसते. वैर म्हणावे तर दिव्याशी कसले वैर? मग फोडणाऱ्याला मिळते तरी काय?

मिळतो तो खळ्ळकन आवाज. सकाळी सरपंच चिडतात, पारावर चर्चा झडते. ज्या पोराला घरात कुणी विचारत नाही, गावात कुणी मोजत नाही, त्याच्या हातून त्या रात्री काहीतरी 'घडलेले' असते. चर्चा दोन दिवसांत विरते, म्हणून पुन्हा दगड.

राज्यातील सरासरी जमीनधारणा १९७०-७१ साली ४.२८ हेक्टर होती. २०१५-१६ च्या कृषिगणनेत ती १.३४ हेक्टरवर आली. या तुकड्याचा सातबारा बापाच्या नावावर. पोरगा शिकला, पण नोकरी नाही, लग्न जमत नाही अन् शेतात त्याचा शब्द चालत नाही. ज्याला गावच आपलं वाटत नाही, त्याला गावचा दिवा आपला कसा वाटावा?

म्हणून त्याची पाठ थोपटावी, असे नव्हे. सार्वजनिक मालमत्तेच्या नुकसानीबद्दल १९८४ च्या कायद्यात पाच वर्षांपर्यंत कैद आहे. दिवा गावाच्या पैशाचा आणि अंधारात ठेचकाळते ती गावचीच म्हातारी. भरपाई वसूल झालीच पाहिजे. पण पोलीस पाटलाकडे बोट दाखवून हा रोग जायचा नाही.

गावचा प्रत्येक मतदार ग्रामसभेचा सभासद असतो. मात्र सभा भरदुपारी ठेवायची, कोरम नाही म्हणून तहकूब करायची, अन् पोरं येत नाहीत म्हणून ओरडायचे, हे थांबवा. सभा संध्याकाळी घ्या, पोरांना नावानिशी बोलवा. दिवाबत्तीची देखरेख वॉर्डवार त्यांच्याकडे रीतसर मेहनताना देऊन सोपवा आणि हिशेब त्यांनाच सभेत वाचू द्या. शेतकरी बापांनीही दहा गुंठे पोराच्या मर्जीवर सोडावेत. चुकला तर दहा गुंठ्यांचेच नुकसान होईल.

येत्या ग्रामसभेच्या विषयपत्रिकेवर नवे दिवे घेण्याआधी हा विषय घ्यावा. नाहीतर दिव्यांचे बिल दरवर्षी मंजूर करत बसावे लागेल.