वसतिगृह कोणाच्या हाती?

यंदा आषाढाच्या तोंडावर, सोयाबीनच्या पेरणीची घाई ऐन भरात असता, आमच्या परिचयाचे एक शेतकरी गृहस्थ आमच्या ओसरीवर येऊन बसले व तीन एकरांपैकी एक एकर विकावयाची झाल्यास कोणकोणते कागद लागतात, अशी पृच्छा करू लागले. आम्ही तहसील कचेरीत शिपाई म्हणून लागलो व कारकून होऊन निवृत्त झालो. त्यामुळे असल्या विचारण्याची आम्हांस सवय आहे. फेरफाराच्या वहीत विक्रीचे कारण लिहिण्यास रकाना नसतो. परंतु कागद करणारा मनुष्य कारण सांगितल्यावाचून सहसा राहत नाही. आमच्या नोकरीच्या पूर्वार्धात ती कारणे ठरलेली असत. मुलीचे लग्न, आटलेली विहीर, दवाखाना, नाही तर भाऊबंदकीचा दावा. आता त्यांत एका नव्या कारणाची भर पडली आहे, व ते म्हणजे मुलाचे शिक्षण. या गृहस्थांचेही कारण तेच होते. मुलास पुण्यास ठेवावयाचे होते.

आम्ही विचारले, फी किती? त्यांनी सांगितलेला आकडा ऐकून आम्ही चकित झालो, कारण तो फार मोठा नव्हता. एका बऱ्या म्हशीच्या किमतीत भागण्यासारखा होता. एकर खात होती ती खोली, खानावळ व खोलीची अनामत. आमचा स्वतःचा अनुभव निराळा नाही. आमच्या थोरल्यासाठी आम्हीही दीड एकर काढली. पुण्यातील एका घरमालकाने अनामत परत देताना भिंतीला खिळे ठोकल्याची सबब काढून निम्मी रक्कम कापून घेतली. तेव्हापासून आमच्या घरात खिळा हा शब्द जपून उच्चारला जातो.

तात्पर्य, शेतकऱ्याच्या मुलापुढील अडचण विद्यालयाच्या दाराशी नसून रात्री पाठ टेकण्याच्या जागेशी आहे. सरकारनेही हे अंशतः ओळखले आहे. अल्पभूधारकांच्या मुलांसाठी डॉ. पंजाबराव देशमुख यांच्या नावाने वसतिगृह निर्वाह भत्त्याची योजना आहे. ज्या कुटुंबाचे वार्षिक उत्पन्न आठ लाखांच्या आत आहे, अशा घरांतील मुलींना व्यावसायिक अभ्यासक्रमांची फी २०२४ सालापासून माफ झाली आहे. ही गोष्ट उत्तमच झाली. पण फी माफ झाली म्हणजे मुलीस निजावयास सुरक्षित जागा मिळाली, असे होत नाही. आणि बाप मुलीला परगावी पाठविण्यास कचरतो तो फीमुळे कमी व जागेमुळे अधिक, हे आमच्या वाचकांस आम्ही सांगावयास नको.

राहून शिकण्याची ही अडचण आमच्या जिल्ह्यास नवी नाही. वाचकांपैकी जे वयोवृद्ध आहेत त्यांनी आपल्या वडिलांच्या तोंडून हैदराबादच्या उस्मानिया विद्यापीठाच्या गोष्टी ऐकल्या असतील. ज्यांच्या नावावरून आमच्या धाराशिवाचे उस्मानाबाद झाले होते, त्याच निजाम मीर उस्मान अली खान यांनी १९१७ साली फर्मान काढून हे विद्यापीठ ठरविले. १९१८ साली त्याची स्थापना झाली व १९१९ साली हैदराबाद शहरात भाड्याच्या इमारतींत वर्ग सुरू झाले. १९२३ साली औरंगाबादेस इंटरमीजिएटपर्यंतचे महाविद्यालय निघाले. तथापि पदवी हवी असल्यास मराठवाड्यातील मुलास हैदराबादेची वाट धरावी लागे. आमच्या भागातील मुलगा येडशीस अथवा ढोकीस बार्शी लाइट रेल्वेच्या छोट्या गाडीत बसे, कुर्डुवाडीस मोठ्या गाडीत चढे, व सोलापूर, वाडी करीत हैदराबादेस उतरे. ट्रंकेत घरचे लाडू व वळकटीत घोंगडी, एवढे सामान.

तेथे गेल्यावर त्याच्यापुढे पहिला डोंगर उभा राही तो भाषेचा. घरी मराठी, पुस्तकात उर्दू व दुसरी सक्तीची भाषा इंग्रजी! या विद्यापीठाविषयी लिहिताना एक गोष्ट मोकळ्या मनाने मान्य केली पाहिजे. सर्व हिंदुस्थानात उच्च शिक्षण इंग्रजीतून चालले असता वैद्यकापासून इंजिनियरीपर्यंतचे शिक्षण एका देशी भाषेतून देण्याचे धाडस येथे झाले. त्याकरिता खास भाषांतर खाते उघडून शेकडो ग्रंथ उर्दूत आणविले गेले. हे धाडस थोर होते यात शंका नाही. परंतु ज्या रयतेच्या साऱ्यावर हे सर्व चालले होते, तिच्यापैकी बहुतेकांची भाषा तेलुगू, मराठी वा कानडी होती. परकी भाषा दूर करण्याच्या हेतूने जी योजना आली, ती आमच्या मुलास दुसरी परकी भाषा शिकवून गेली. आमच्या कचेरीतील जुने सेतवार उर्दूत लिहिलेले असत व ते वाचावयास जाणता मनुष्य शोधावा लागे. त्या वेळी आम्हांस या मुलांची आठवण होई. सेतवार निदान बोलत तरी नव्हते!

हे विद्यापीठ निवासी स्वरूपाचे असावे, अशी मूळ कल्पना होती. शहराबाहेर अडिकमेट येथे विस्तीर्ण जागा घेण्यात आली, १९३४ साली कायम इमारतींची कोनशिला बसली, आणि गुलाबी ग्रॅनाइटचे आर्ट्स कॉलेज १९३९ च्या डिसेंबरात उघडले. हैदराबाद पाहिलेल्या शेतकरी बंधूंनी ती इमारत पाहिलीच असेल. आम्ही ती पाहिली तेव्हा प्रथम मनात आले, की एवढा दगड आमच्या तालुक्यात असता तर किती पाझर तलावांची पिचिंग झाली असती. हा कारकुनी विचार होय. वाचकांनी क्षमा करावी.

खरे शिक्षण मात्र वसतिगृहात चाले. उस्मानाबादचा मराठी मुलगा, वरंगळचा तेलुगू मुलगा व गुलबर्ग्याचा कानडी मुलगा एका छपराखाली राहू लागले. एरवी त्यांची गाठ पडण्याचे कारण नव्हते. आपल्या गावातील जुलूम हा एकट्या आपल्याच नशिबी आलेला नाही, हे त्यांस तेथे कळले. संस्थानात सभेस बंदी, वर्तमानपत्रावर बंदी, स्टेट काँग्रेसवर जन्मतःच बंदी. अशा वेळी तरुणांना एकत्र बसावयास कायदेशीर जागा उरली होती ती वसतिगृहाची. ही जागा सरकारनेच आपल्या पैशाने बांधून दिली होती, हे ध्यानात घेण्याजोगे आहे.

मग १९३८ सालचा नोव्हेंबर आला. औरंगाबादच्या महाविद्यालयात व हैदराबादेस उस्मानियाच्या वसतिगृहांत हिंदू विद्यार्थी प्रार्थनेच्या वेळी वंदे मातरम् म्हणू लागले. अधिकाऱ्यांनी मनाई केली. मुलांनी ऐकले नाही. संप झाला, संपाचे लोण इतर गावच्या विद्यालयांत गेले, आणि माफी लिहून देण्यास जे नाकारतील त्यांची नावे काढून टाकण्यात आली. नाव काढले म्हणजे वर्गही गेला व खोलीही गेली. परगावच्या मुलास त्याच संध्याकाळी वळकटी उचलून रस्त्यावर यावे लागते. गावातल्या मुलाचे तसे नाही, तो घरी जाऊन जेवतो. आम्हांस या प्रकरणात सर्वांत अधिक विचार करावयास लावणारी गोष्ट हीच वाटते.

या मुलांस नागपूर विद्यापीठाने आश्रय दिला. तेथील कुलगुरू केदार यांनी त्यांच्या प्रवेशाची वाट मोकळी केली. पुढे १९९१ साली देशाचे पंतप्रधान झालेले पी. व्ही. नरसिंह राव हेही या चळवळीपायी नागपुराकडे वळलेल्या विद्यार्थ्यांपैकी होत. व पुढे रामटेकच्या मतदारांनीच त्यांस लोकसभेवर पाठविले, हा योगायोग मौजेचा आहे. पण जी मुले नागपुरास जाऊ शकली नाहीत, ज्यांच्या बापाजवळ तेवढे गाडीभाडे नव्हते, ती कोठे गेली? ती बहुधा परत नांगरामागे गेली. त्यांची नावे कोणत्याही पुस्तकात आलेली नाहीत.

यावरून आमचे मत असे बनले आहे, की विद्यालय कोणाचेही असो, वसतिगृह ज्याच्या हाती त्याच्या हाती विद्यार्थी. म्हणून वसतिगृह हे शिकणाऱ्यांच्या घरच्या माणसांच्या हाती असावे. आमच्या जिल्ह्यातील जुन्या माणसांनी हे पूर्वीच ओळखले होते. लोहारा तालुक्यातील हिप्परगा येथे १९२१ साली निघालेली राष्ट्रीय शाळा लोकांच्या आधारावर उभी होती. मुले व गुरुजी तेथे एकत्र राहत. १९२९ साली तेथे मुख्याध्यापक म्हणून आलेले व्यंकटेश खेडगीकर यांनी १९३२ साली संन्यास घेतला व ते स्वामी रामानंद तीर्थ झाले. पुढे त्यांनीच संस्थानातील लढ्याचे नेतृत्व केले. कोट्यवधी खर्चून बांधलेल्या विद्यापीठाने नाकारलेली गोष्ट एका खेड्यातील शाळेने शिकविली.

या कामी कोल्हापूर व सातारा यांचे उदाहरण आमच्या डोळ्यांपुढे आहे. शाहू महाराजांनी १९०१ सालापासून कोल्हापुरात वसतिगृहे काढविली. परंतु ती बहुतांशी एकेका जातीची होती. त्या काळी तेच शक्य होते. भाऊराव पाटलांनी १९२४ साली साताऱ्यास सर्व जातींच्या मुलांचे एकच बोर्डिंग काढून पुढचे पाऊल टाकले. दारोदार धान्य मागून त्यांनी ते चालविले व मुलांकडून स्वयंपाकापासून शेतापर्यंतची कामे करवून घेतली. मराठवाड्यात डॉ. आंबेडकरांनी १९५० साली औरंगाबादेस मिलिंद महाविद्यालय काढले, तेव्हा त्यांनीही वर्गाबरोबर वसतिगृहाची काळजी वाहिली. कारण ज्यांच्यासाठी ते महाविद्यालय होते त्यांना गावात कोणी खोली देणार नव्हते. आम्हां जमीनवाल्यांना हे वाक्य वाचताना मान खाली घालावी लागते, व घालावी हेच योग्य.

आज परिस्थिती पुष्कळ पालटली आहे. १९५८ साली मराठवाड्यास स्वतःचे विद्यापीठ मिळाले. त्याचे उपकेंद्र २००४ पासून धाराशिवास आहे. तुळजापुरास आपसिंग्याच्या रस्त्यावर टाटा सामाजिक विज्ञान संस्थेचा निवासी परिसर १९८६ पासून आहे व परप्रांतीची मुले तेथे राहून ग्रामविकास शिकून गेली आहेत. आमच्या ओळखीच्या घरांतून मात्र तेथे कोणी गेल्याचे आम्हांस स्मरत नाही. आपल्या बांधाजवळची विहीर सोडून आपण दहा कोसांवरून पाणी आणतो, असा हा प्रकार आहे.

यावर दोन आक्षेप येतील, ते आमच्या कानांवर आलेलेच आहेत. पहिला असा, की बोर्डिंगात पोरे बिघडतात व शेतीला पारखी होतात. आमचे उत्तर असे, की पुण्यातील चार मुलांच्या कोंदट खोलीत, जेथे विचारणारे कोणी नाही, तेथे ती अधिक लवकर बिघडतात. शेतीविषयी म्हणाल तर तीन एकरांवर तीन भाऊ राबून काय पिकते हे सातबारा पाहून कोणीही सांगेल. दुसरा आक्षेप अधिक वजनदार आहे. संघाने वसतिगृह काढले तर ते पुढाऱ्यांच्या नातलगांनी भरेल व निवडणुकीत मुलांकडून घोषणा करवून घेतल्या जातील. ही भीती खोटी नाही. म्हणूनच आमची सूचना आहे, की प्रवेश गुण व जमीनधारणा पाहून व्हावा, भूमिहीन मजुराच्या मुलास त्यात प्रथम वाटा असावा, निम्म्या जागा मुलींसाठी निराळ्या इमारतीत असाव्यात, जमाखर्च दरमहा या मासिकात छापावा, आणि एक नियम कधीही बदलता येऊ नये असा करावा: मताबद्दल, प्रार्थनेबद्दल, गाण्याबद्दल वा पोशाखाबद्दल कोणाही विद्यार्थ्यास खोलीतून काढता येणार नाही. हा नियम आज निरुपयोगी वाटेल. १९३८ साली तो उस्मानियात असता तर त्या मुलांस माफीनामा व रस्ता यांपैकी एकाची निवड करावी लागली नसती.

खर्चाविषयी आम्ही कारकुनी पद्धतीने हिशेब मांडून पाहिला आहे. एक हजार खातेदारांनी सुगीच्या वेळी खात्यामागे वीस किलो ज्वारी दिली, तर दोनशे क्विंटल धान्य जमते. एका मुलास महिन्यास पंधरा किलो धरल्यास दहा महिन्यांस दीड क्विंटल लागते. म्हणजे सव्वाशेहून अधिक मुलांच्या भाकरीची सोय झाली. डाळ, तेल, भाजी व स्वयंपाकी यांचा खर्च निर्वाह भत्त्यातून व पालकांकडून अल्प रक्कम घेऊन भागविता येईल. इमारतीचे काम कठीण आहे. त्याकरिता आरंभी धाराशिवात भाड्याचे घर घ्यावे. उस्मानियानेही आरंभ भाड्याच्याच घरात केला होता.

ओसरीवर आलेल्या गृहस्थांस आम्ही कागदांची यादी दिली, पण दिवाळीपर्यंत विक्री थांबवा, असे सांगितले. त्यांनी मान्य केले आहे. संघाची वार्षिक सभा त्यापूर्वी भरते; त्या सभेत आम्ही हा विषय मांडणार आहोत व आमच्या खात्याची वीस किलो ज्वारी त्याच दिवशी बरोबर आणणार आहोत.