एकाच पायावर दोन घरं

इंग्लंडच्या यॉर्कशर भागात व्हॅरम पर्सी नावाचं एक उजाड गाव आहे. १५००च्या सुमारास तिथली शेवटची कुटुंबं हलली आणि शेतं मेंढ्यांच्या चराईला गेली. आर्थिक इतिहासाचे अभ्यासक मॉरिस बेरेसफर्ड आणि पुरातत्त्वज्ञ जॉन हर्स्ट यांनी १९५०पासून तब्बल चाळीस वर्षं, दर उन्हाळ्यात, हे गाव उकरलं. हाती लागले ते खडूच्या दगडांच्या भिंतींचे पाये. वरचं लाकूड आणि छप्पर केव्हाच नाहीसं झालेलं.

यंदाचा आपला अंक घरांविषयी आहे. मध्ययुगातली अशी घरं आता संगणकावर त्रिमितीत उभी राहू लागली आहेत, म्हणून सुरुवात त्यांच्यापासून.

घर शाबूत असेल तर काम तुलनेनं सोपं. केंटमधलं पंधराव्या शतकातलं ‘बेलीफ’ हे शेतघर जलाशयाच्या पाण्याखाली जाणार होतं. ते सुटं करून ससेक्समधल्या संग्रहालयात पुन्हा उभारलं गेलं. अशा घराची लेझरनं मोजणी करता येते. बिनकाचेच्या खिडक्या, दालनाच्या मधोमध पेटणारी उघडी चूल, धुराडं नाही: सगळं समोर असतं.

व्हॅरमला मात्र नुसते पाये. भिंती कच्च्या आणि वारंवार नव्यानं बांधलेल्या दिसल्या, तेव्हा ही दर पिढीला मोडून पुन्हा उभारलेली खोपटी असावीत, असं हर्स्ट यांना वाटलं. १९८०च्या दशकात पुरातत्त्वज्ञ स्टुअर्ट रॅथमेल यांनी तेच पुरावे निराळे वाचले. त्यांच्या मते छपराचा भार भिंतींवर नव्हताच. वाकडा बुंधा उभा चिरायचा, त्याचे दोन बाक समोरासमोर उभे करून आढ्यापाशी जोडायचे. इंग्रजीत या जोडीला ‘क्रक’ म्हणतात. भिंत ढासळली तरी छप्पर जागच्या जागी. मध्य इंग्लंडमध्ये अशी शेतकऱ्यांची घरं आजही उभी आहेत. लाकडातल्या वर्षवलयांवरून त्यांतली अनेक चौदाव्या-पंधराव्या शतकांतली ठरली आहेत.

उत्खननाच्या अहवालात जागा कोरी सोडता येते. त्रिमितीत तसं चालत नाही. दाराची उंची, छपराचा उतार, त्यावरच्या गवताची जाडी, सगळं भरावंच लागतं, आणि एकदा भरलं की पुरावा आणि अंदाज सारखेच भरीव दिसतात. २००६ साली आकाराला आलेली ‘लंडन सनद’ यासाठीच महत्त्वाची: कोणता निर्णय कशाच्या आधारे घेतला, याची नोंद प्रतिकृतीसोबत ठेवावी, असा तिचा आग्रह. काही अभ्यासक ठाम भाग भरीव आणि अंदाजाचे भाग फिकट दाखवतात. ही पद्धत सक्तीची व्हायला हवी. ओकच्या लाकडावर सुंदर ऊन पाडण्यात जेवढा वेळ जातो, तेवढा या नोंदींना मिळायला हवा.

आणि व्हॅरमच्या एकाच पायावर हर्स्ट यांचं खोपटं आणि रॅथमेल यांचं घर, अशी दोन्ही रूपं प्रेक्षकाला आलटून पालटून पाहता यावीत. पहिल्यात प्रत्येक पिढी नव्यानं निवारा शोधते. दुसऱ्यात आजोबांनी उभ्या केलेल्या लाकडाखाली नातू वाढतो. मध्ययुगीन इंग्लंडमधला शेतकरी किती गरीब होता, हा वाद त्या दोन चित्रांमध्ये अजून चालू आहे.