अंधाऱ्या कोपऱ्यातील शत्रू

आर्णीतील एका धान्य व्यापाऱ्याच्या घरात दिवाळीच्या सुट्टीत एक विलक्षण वाद उद्भवला. लक्ष्मीपूजनाची धामधूम नुकतीच आटोपली होती. कापूस आणि सोयाबीनचा हंगाम भरात असल्याने थोरली मंडळी दिवसभर बाजारात असत आणि सातवीत शिकणारा नातू संगणकावर माइनक्राफ्ट नावाच्या खेळात आपले घर, कोठार आणि तटबंदी उभारीत बसे. भाऊबीजेच्या दुसऱ्या दिवशी संध्याकाळी तो रडवेला होऊन उठला. त्याच्या गोदामात झोंबी शिरले होते.

झोंबी म्हणजे चालते प्रेत. ज्यांनी हा खेळ पाहिला नाही त्यांच्यासाठी थोडे सांगणे आवश्यक आहे. स्वीडनमधील मोजांग या कंपनीचा हा खेळ 2009 मध्ये प्रथम लोकांसमोर आला आणि नोव्हेंबर 2011 मध्ये त्याची पूर्ण आवृत्ती प्रसिद्ध झाली. 2014 मध्ये मायक्रोसॉफ्टने ही कंपनी अडीचशे कोटी डॉलर मोजून विकत घेतली. 2023 पर्यंत खेळाच्या तीस कोटींहून अधिक प्रती विकल्या गेल्या होत्या. या खेळात जिंकण्याची सक्ती नाही. वाळूच्या ढिगाऱ्यावर मूल बसते आणि मनाला येईल ते बांधते, तसेच हे. माती, दगड, लाकूड यांचे चौकोनी ठोकळे खणून काढायचे आणि रचायचे. या जगातील दिवस-रात्र मिळून वीस मिनिटांची असते. दिवस मावळला की झोंबी, सांगाडे, कोळी आणि क्रीपर नावाचा एक मुका प्राणी हिंडू लागतात. हा क्रीपर जवळ येऊन स्वतःच फुटतो आणि आपल्याबरोबर भिंतही घेऊन जातो. म्हणून प्रत्येक खेळाडूचे पहिले काम म्हणजे रात्र पडण्यापूर्वी आसरा उभा करणे.

या मुलाने ते काम मनापासून केले होते. चार ठोकळे उंचीची दगडी भिंत, तिच्याभोवती चर, प्रवेशाला लोखंडी दार. लाकडी दार खेळाच्या सर्वांत कठीण पातळीवर झोंबी ठोकून ठोकून फोडतात, लोखंडी दार मात्र त्यांना उघडत नाही, इतका विचार त्याने केलेला होता. आत वीस ठोकळे लांबीचे गोदाम, त्यात ओळीने पेट्या. दूरच्या एका गावातून नावेत बसवून आणलेला एक गावकरीही त्याने आत ठेवला होता. हा गावकरी ग्रंथपाल. कागद घेऊन त्या बदल्यात पाचू देई आणि पाचू घेऊन ग्रंथ देई. चार दिवसांच्या व्यवहारात दोघांचे खाते चांगले जमले होते.

आजोबा दुकानातून आले तेव्हा नातू हुंदके देत होता. आगीच्या विम्याचा दावा तपासायला आलेल्या पाहणी अधिकाऱ्याप्रमाणे त्यांनी चौकशी आरंभली.

“भिंत कुठे फुटली आहे काय?”

“नाही आजोबा.”

“दार कोणी उघडे ठेवले होते?”

“तेही नाही.”

“मग शत्रू आला कुठून?”

“तो बाहेरून आलाच नाही. जिथे अंधार असतो तिथे झोंबी आपोआप तयार होतात. मी मागच्या खोलीत मशाल लावली नव्हती.”

हीच या खेळातील खरी मेख आहे. मशालीचा उजेड चौदा मापांचा असतो आणि दर ठोकळ्यागणिक तो एकाने कमी होत जातो. पूर्वी सात किंवा त्याहून कमी उजेडातही राक्षसी प्राणी उत्पन्न होत. 2021 च्या नोव्हेंबरअखेर आलेल्या आवृत्तीपासून नियम बदलला आणि उजेड अगदी शून्य असेल तेथेच ते उत्पन्न होतात. म्हणजे बचावाचा खर्च पुष्कळच कमी झाला. एका मशालीत बराच मोठा दिवाणखाना सुरक्षित राहतो. परंतु या मुलाने गोदामाच्या मध्यावर एक आडभिंत घातली होती. पुढील भागात मशाल, मागील भागात काळोख. बाहेरच्या भिंतीवर त्याने तीन दिवस खर्च केले आणि आतल्या कोपऱ्यासाठी लाकडाची एक काडी व कोळशाचा एक खडा खर्च केला नाही.

या ठिकाणी देवगिरीची आठवण येणे अपरिहार्य आहे. यादवांची ही राजधानी मराठी मुलखातील सर्वांत अवघड दुर्गांपैकी एक. डोंगराचा कडा तासून सरळ उभा केलेला, खडकात खोदलेला खंदक आणि वर जाण्यासाठी ‘अंधारी’ नावाचा काळाकुट्ट भुयारी मार्ग. आज दिसणारी बरीच तटबंदी आणि खंदक नंतरच्या काळातील असले तरी मूळ डोंगर तेव्हाही दुर्गमच होता. 1296 मध्ये अलाउद्दीन खलजी अकस्मात चालून आला, तेव्हा राजा रामचंद्रदेव किल्ल्यावर गेला. त्याचा पुत्र सैन्यासह बाहेर होता. तो परत येईपर्यंत किल्ला धरून ठेवणे एवढेच काम होते. फिरिश्ता हा इतिहासकार सांगतो की, कोकणातून आलेल्या व्यापाऱ्यांची पोती घाईघाईने किल्ल्यात नेण्यात आली होती. पोती भरलेली होती, संख्येने पुष्कळ होती, म्हणून सर्वजण निश्चिंत होते. प्रत्यक्ष उघडली तेव्हा त्यांत धान्य नव्हते. मीठ होते.

कडा कोणी चढला नाही, दार कोणी फोडले नाही. साठ्याच्या चुकीच्या नोंदीने राजाला तहास बसावे लागले. बँकेकडे माल तारण ठेवणाऱ्या व्यापाऱ्यांना या गोष्टीतील वर्म निराळे सांगायला नको. तपासणीस येणारा अधिकारी पुष्कळदा दाराजवळची थप्पी मोजतो, बाहेरच्या पोत्याला बांबी खुपसून चार दाणे तळहातावर घेतो आणि नोंदवहीवर सही करून चहाला बसतो. मागची थप्पी कशाची आहे हे मालकालाही कधी कधी सांगता येत नाही.

झोंबींशी लढण्याचे खेळ आणखीही आहेत. ‘सेव्हन डेज टू डाय’ नावाच्या, प्रौढांसाठीच्या खेळात दर सातव्या रात्री झोंबींची झुंड चालून येते आणि भिंतीचा जो भाग सर्वांत कमकुवत असेल तिकडेच वळते. खांब तोडला की वरचे छत कोसळते. तो खेळ फार रक्तरंजित आहे. या घरात तो नाही हे बरेच झाले.

कारण या घरात जो वाद झाला तो माइनक्राफ्टवरूनही पुरेसा झाला. गोदामात तीन चालती प्रेते होती. त्यांपैकी दोन मूळचे झोंबी. तिसरा तो ग्रंथपाल. झोंबीच्या हल्ल्यात सापडलेला गावकरी खेळाच्या मध्यम पातळीवर निम्म्या वेळा मरतो आणि निम्म्या वेळा स्वतःच झोंबी होतो. याचे नशीब दुसरे निघाले होते. नातवाने त्याला आडभिंतीमागे कोंडले आणि पुढच्या भागात आलेल्या दोघांवरचे छप्पर काढले. सकाळ होताच ते उन्हाने जळून गेले.

“मी नाही मारले, सूर्याने मारले,” तो म्हणाला.

“छप्पर कोणी काढले?” आजोबांनी विचारले. “कृत नसेल, पण कारित तर झाले.”

मुलाचे वडील हसले. ही पडद्यावरची चित्रे आहेत, त्यांना जीव नाही, असे त्यांचे म्हणणे. तिसऱ्यालाही संपवावे आणि गावातून दुसरा ग्रंथपाल आणावा, एवढा साधा हिशेब. आजोबांनी तेव्हा राजा यशोधराची कथा काढली. दहाव्या शतकात सोमदेवसूरींनी ‘यशस्तिलकचंपू’त ती विस्ताराने सांगितली आहे. आईच्या आग्रहामुळे राजाने जिवंत प्राण्याऐवजी पिठाचा कोंबडा करून त्याचा बळी दिला. कोंबडा पिठाचा होता, पण हात उचलताना मनातला भाव खरा होता, आणि त्या भावापायी आई व मुलगा यांना कित्येक जन्म पशुपक्ष्यांच्या योनीत भटकावे लागले. वडिलांनी यावर विरोधी हिंसेचा मुद्दा मांडला: घरात शिरलेल्याला अडवणे गृहस्थाला सुटत नाही. हा मुद्दाही खोटा नव्हे. दोघांचेही म्हणणे शास्त्राला धरून होते आणि जेवण थंड होत होते.

आजीने पोळी वाढता वाढता विचारले, “तो तिसरा मेला आहे का आजारी आहे?”

“आजारी म्हणता येईल. त्याच्यावर औषध आहे, आजी.”

“मग औषध असताना आजाऱ्याला मारायची गोष्ट कशाला काढता?”

औषध खरोखरच आहे. दुर्बलतेचा काढा अंगावर फेकायचा आणि मग सोन्याचे सफरचंद खाऊ घालायचे. सफरचंदाला सोन्याच्या आठ विटा लागतात. ते जमण्यासारखे होते. काढ्याची कृती मात्र नातवाने वाचून दाखवली तेव्हा आजीचा हात थांबला. कोळ्याचा डोळा, साखर आणि तपकिरी भूछत्र आंबवायचे, त्यात क्रीपरच्या अंगातून निघणारी बंदुकीची दारू घालायची. एकाला बरे करण्यासाठी दोघांना मारायचे.

“दुसरे औषध शोध,” आजी म्हणाली.

दोन संध्याकाळी शोधण्यात गेल्या. खेळाच्या बर्फाळ प्रदेशात कोठे कोठे घुमटाकार बर्फाची घरे असतात. त्यांपैकी काहींच्या गालिच्याखाली तळघराचे दार असते आणि तळघरात तयार काढ्याची एक बाटली व पेटीत एक सोन्याचे सफरचंद ठेवलेले असते. मुलाने वाटेत प्रत्येक रात्र जमिनीत खड्डा खणून, वर ठोकळा ठेवून, मशाल लावून काढली. तलवार त्याने पेटीत ठेवून दिली होती. पहिली दोन घरे तळघराविना निघाली. तिसऱ्यात शिडी सापडली.

परतल्यावर आडभिंतीला त्याने एक झरोका पाडला. काढा फेकला, सफरचंद दिले. तीन-चार मिनिटे तो हिरवा चेहरा थरथरत राहिला आणि मग तेथे पूर्वीचा ग्रंथपाल उभा होता. बऱ्या झालेल्या गावकऱ्याकडून माल पहिल्यापेक्षा स्वस्त मिळतो असा या खेळाचा नियम आहे, हे ऐकून वडिलांनी प्रथमच खुर्ची जवळ ओढली आणि ग्रंथांचे नवे भाव विचारले. मागच्या खोलीत आता दोन मशाली आहेत.

आजीला मात्र नातवाने एक गोष्ट रात्री झोपताना सांगितली. त्या बर्फाच्या तळघरात गजांआड आणखी एक झोंबी झालेला गावकरी उभा होता. काढ्याची ती बाटली खरे तर त्याच्यासाठीच ठेवलेली होती. बाटली एकच होती.

“मग त्याचे काय?” आजीने विचारले.

“तो तिथेच आहे,” नातू म्हणाला, “तळघरात मशाल आहे.”