पंधरा-पंधरा

प्रत्येक ग्रुपचा एक ‘तो किस्सा’ असतो. तुमच्याही ग्रुपचा असेलच. कुणीतरी गोव्याला जाताना किल्ली आत ठेवून गाडी लॉक केलेली असते, कुणीतरी इंटरव्ह्यूसाठी शेजारच्याच बिल्डिंगमध्ये जाऊन तासभर बसलेलं असतं... आमच्या ग्रुपचा किस्सा एका मॅचचा आहे. क्रिकेटच्या नाही, काउंटर-स्ट्राइकच्या. आणि तो रंगवून सांगायचा मान गेली जवळजवळ दहा वर्षं माझ्याकडे आहे.

साल २०१६. पौड रोडला एका टू बीएचकेत आम्ही पाच जण. सगळे आयटीतले, सगळ्यांचा पगार वीस तारखेलाच संपणारा. नाशिककर, सांगलीकर, लातूरकर, मी आणि कोल्हापूरकर. रात्री जेवणं झाली की पाच लॅपटॉप उघडायचे आणि ‘कॉम्पिटिटिव्ह’ला बसायचं. ज्यांनी हा गेम खेळला नाही त्यांच्यासाठी : पाच विरुद्ध पाच. एका टीमने बॉम्ब लावायचा, दुसरीने तो लावू द्यायचा नाही किंवा लावलाच तर निकामी करायचा. तेव्हाच्या गेममध्ये, म्हणजे सीएस:गोमध्ये, जास्तीत जास्त ३० राउंड असायचे. जो आधी १६ जिंकेल तो विजेता. पण १५-१५ झालं की बरोबरी! एक्स्ट्रा टाइम वगैरे काही नाही. तासभर घसा फोडायचा आणि हातात भोपळा.

तर आमचा किस्सा असा. मिराज नावाचा मॅप. आम्ही १५-१४ ने पुढे. शेवटचा राउंड. बॉम्ब लागलेला, आमच्यापैकी चौघे मेलेले, उरलाय एकटा कोल्हापूरकर. समोरचा शेवटचा माणूसही त्याने टिपला. आता फक्त बॉम्ब निकामी करायचा. किट असेल तर पाच सेकंद लागतात, नसेल तर दहा. ‘त्याच्याकडे किट होतं! मी हेडफोन फेकून त्याच्या खोलीत धावलो, म्हटलं दाब, दाब! आणि हा पठ्ठ्या घाबरून इकडेतिकडे बघत बसला!’ धडाम. १५-१५. आमची मास्टर गार्डियनची रँक गेली ती गेलीच. (ती मॅच जिंकून रँक मिळालीच असती असं कुणी सांगितलं होतं? कुणीच नाही. आम्हीच ठरवलं होतं.)

हा किस्सा मी ऑफिसच्या पार्ट्यांत सांगितलाय. ट्रेकला शेकोटीभोवती सांगितलाय. २०१९ मध्ये कोल्हापूरकराच्या लग्नात, त्याच्या बायकोच्या समोर, तिच्या मैत्रिणींना अभिनयासकट सांगितलाय. तो हसायचा. नंतर नंतर नुसता स्मायली टाकायचा. आणि गेल्या वर्षी एके दिवशी व्हॉट्सअॅपवर ती राखाडी ओळ आली... तो ग्रुपमधून बाहेर पडला होता. आम्ही म्हटलं, बिझी असेल.

आता फ्लॅट सुटल्यानंतरचं पहिलं गेट-टुगेदर ठरतंय. माझ्या डोक्यात आयडिया आली, त्या १५-१५ चा स्कोअरबोर्ड शोधायचा, मस्त फ्रेम करायचा आणि त्याला सगळ्यांसमोर भेट द्यायचा. काय सॉलिड गिफ्ट!

पण दहा वर्षं जुनी मॅच सापडते का? कॉलेजात सायबर कॅफेत १.६ खेळायचो तेव्हा मॅच संपली की संपली. कॅफेवाला मॉनिटर बंद करायचा आणि कोण जिंकलं यावर बाहेर चहाच्या टपरीवर अर्धा तास भांडण. पुरावा कुणाकडेच नाही. आता तसं नाही राहिलं. गेममध्ये ‘वॉच’मध्ये गेलात तर अलीकडच्या मोजक्याच मॅचेस दिसतात, तिथे शोधू नका. ब्राउझरमधून स्टीमवर लॉग-इन करा, स्वतःच्या प्रोफाइलवरून गेम्सच्या यादीत जा आणि काउंटर-स्ट्राइकसमोर ‘पर्सनल गेम डेटा’ शोधा. तिथे कॉम्पिटिटिव्ह मॅचेसचं पान आहे. सीएस:गोच्या जागी २०२३ च्या सप्टेंबरमध्ये सीएस २ आला, तरी जुन्या मॅचेस त्याच पानावर आहेत. हे पान फक्त तुमचं तुम्हालाच दिसतं. म्हणजे बायकोला किंवा बॉसला कळायची भीती नाही.

मात्र पेशन्स लागतो, बॉस! तारखेवर उडी मारायची सोय नाही. खाली ‘लोड मोअर हिस्टरी’ असं बटण, ते दाबत राहायचं. दाबा, थांबा, दाबा, थांबा. शनिवारी दुपारी बसलो तो चहा दोनदा गार झाला. युक्ती एकच : आधी सगळं उघडून घ्या आणि मग कंट्रोल-एफ मारून वर्ष आणि महिना शोधा. मित्राच्या नावाने शोधू नका, कारण तिथे खेळाडूंची आजची नावं दिसतात, तेव्हाची नाहीत. आमच्या कोल्हापूरकराचं तेव्हाचं नाव इथे छापण्यासारखं नव्हतं. आता तिथे त्याच्या मुलीचं लाडाचं नाव आणि पुढे ‘चा बाप’ असं आहे. मी ते बघून जरा वेळ तसाच बसलो.

आणि बॉस, ती यादी म्हणजे काय प्रकार आहे! आपल्याला वाटतं आपण कधीमधी खेळायचो. इथे पानंच्या पानं. मॅचची वेळ जीएमटीमध्ये असते, म्हणजे आपल्यासाठी साडेपाच तास मिळवायचे. ते मिळवले की कळतं, अप्रेझलच्या आदल्या रात्री आपण अडीच वाजता काय करत होतो.

मॅच सापडली. मिराज, १५ : १५. २०१६-०८-०३, रात्रीचे ८ वाजून १२ मिनिटं जीएमटी. म्हणजे आपल्याकडे बुधवार उलटून गुरुवार, पावणेदोन. ‘रिप्ले डाउनलोड करा’चं बटण अर्थातच गायब. रिप्ले, म्हणजे डेमो फाइल, काही आठवडेच मिळते. तेवढ्यात उतरवून ठेवली तर ठेवली, नाहीतर मागे राहतो तो फक्त आकड्यांचा तक्ता. हे समजण्यासारखं आहे म्हणा. बुद्धिबळाचा अख्खा डाव चार ओळींत मावतो, म्हणून तर लिचेसवर तुमचे पहिल्या दिवसापासूनचे सगळे डाव, प्रत्येक चालीसकट, एका क्लिकवर उतरवून घेता येतात. चेस डॉट कॉमवरही जुने डाव अर्काइव्हमध्ये असतात. इथे मात्र दहा माणसांची प्रत्येक हालचाल साठवायची, म्हणजे एकेका मॅचची फाइल गाण्यांच्या अख्ख्या अल्बमएवढी. (डोटावाल्यांनो, तुमच्या गेमच्या सेटिंगमध्ये मॅच डेटा सार्वजनिक करायचा पर्याय आहे. तो चालू नसेल तर बाहेरच्या साइटवर स्वतःला शोधत बसू नका.)

असो. तक्ता. किती मारले, किती वेळा मेलो, किती मदत केली, किती टक्के हेडशॉट. सगळ्यात वर ‘चा बाप’. २९ किल्स. मग नाशिककर, सांगलीकर, लातूरकर. आणि सगळ्यात खाली, १२ किल्स घेऊन, हा किस्सा दहा वर्षं सांगणारा तुमचा लाडका कॉलमिस्ट.

विरोधी टीममधल्या एकाच्या प्रोफाइलवर आता चीटिंगचा बॅन आहे. एक सेकंद मला केवढा आनंद झाला! पण बॅन नंतर कधीतरीचा असू शकतो. आमच्या मॅचमध्ये त्याने काही केलं होतं का, हे त्यावरून कळत नाही. सोडलं ते.

मग माझी नजर डावीकडच्या रकान्यावर गेली. पिंग. आपण बटण दाबलं की निरोप सर्व्हरला जाऊन परत यायला लागणारा वेळ, सेकंदाच्या हजाराव्या भागात. नाशिककर ४१. सांगलीकर ४३. लातूरकर ४०. मी ४२. बरोबरच आहे, एकच ब्रॉडबँड, एकच राउटर, त्याचं बिल भरण्यावरून दर महिन्याला एकच भांडण.

कोल्हापूरकर १६८.

मी परत बघितलं. १६८. वरच्या मॅचमध्ये बघितलं, १५५. खालच्या, १७१. जुलैच्या अखेरीपासून ऑगस्टच्या दुसऱ्या आठवड्यापर्यंत त्याचा पिंग सगळीकडे दीडशेच्या वर. त्याआधी आणि त्यानंतर आमच्यासारखाच, चाळीस.

म्हणजे तो फ्लॅटवर नव्हताच.

मग मी हेडफोन फेकून कुणाच्या खोलीत धावलो होतो? मला तो सीन दिसतो हो अजून! दार, लॅपटॉपचा निळा उजेड, त्याची पाठ. एवढ्या वेळा सांगितलाय की तो खराच झालाय. मी सांगलीकराला फोन लावला. तो मुलाला क्लासला सोडायला निघाला होता. म्हणाला, ‘अरे, तेव्हा त्याचे बाबा अॅडमिट होते ना? दहा-बारा दिवस कोल्हापुरातच होता की तो. तूच तर रोज मेसेज करायचास, पाचवा नाही, ये एक मॅच, ये एक मॅच.’

फ्रेमवाल्याला अॅडव्हान्स दिला होता. त्याला नको म्हणून कळवलं. रविवारी दुपारी दोनदा नंबर काढला आणि ठेवला. संध्याकाळी लावला. काय बोलायचं ठरवलंच नव्हतं, तोंडातून निघालं, ‘तुझा पिंग एकशे अडुसष्ट होता.’

पलीकडे शांतता. मग म्हणाला, ‘कुठं बघितलास?’

सांगितलं सगळं. पान, बटण, फ्रेमसुद्धा.

‘हॉस्पिटलच्या पार्किंगमध्ये गाडीत बसून खेळत होतो भावा,’ तो म्हणाला. ‘मोबाइलचं नेट. जिओ यायला महिना होता अजून, पॅक दोन दिवसांत संपायचा. बाबा आयसीयूत. वर एकालाच थांबू देत होते, आई थांबायची. झोप येत नव्हती. तुम्ही बोलावलंत, बरं वाटलं.’

मी सॉरी म्हटलं. दहा वर्षांचं सॉरी फोनवर फार छोटं वाटतं, पण म्हटलं. लग्नातल्या परफॉर्मन्सचंही वेगळं म्हटलं. त्यावर तो म्हणाला, ‘बायकोला तेव्हाच माहीत होतं. तीच चिडली होती, मी नाही.’ मग जरा थांबून, ‘मी पण नंतर चिडलोच.’

‘बाबा कसे आहेत?’

‘ठणठणीत. सकाळी रंकाळ्याला फेरी मारून येतात. तुझी आठवण काढतात मधूनमधून, तो बारीक पोरगा काय करतो म्हणून.’ (मी आता बारीक नाही. ते त्यांना कळवू नकोस म्हटलं.)

फोन ठेवता ठेवता मला राहवलं नाही. विचारलं, ‘पण त्या राउंडला किट होतं ना तुझ्याकडे?’

‘किट तुझ्याकडं होतं, लेका! पहिल्या वीस सेकंदांत पॅलेसमध्ये घेऊन मेलास! मी दहा सेकंद धरून बसलेलो. आठ-नऊ झाले असतील, फुटला.’

आता हे खरं की त्याचं व्हर्जन? तक्त्यात किटचा रकाना नाही. डेमो असती तर कळलं असतं. मी विचारलं, उतरवून ठेवली होतीस का? नाही म्हणाला. मीही नाही. बाकीच्या तिघांना विचारलं, त्यांनी तर विचारलं, डेमो म्हणजे? त्यामुळे गेट-टुगेदरला हा किस्सा आता तो सांगणार असं ठरलंय, त्याला हवा तसा. किट माझ्याकडे होतं असंच धरून.

पुढच्या शनिवारी रात्री पाचही जण ऑनलाइन यायचं ठरलंय. आता २४ राउंड असतात, १३ जिंकले की झालं. वयाच्या मानाने तेच बरं. काल रात्री साडेअकराला त्याचा मेसेज आला. मजकूर काही नाही, नुसता स्क्रीनशॉट. काउंटर-स्ट्राइक २, डाउनलोडिंग, १४ टक्के.