कैफियतीची मुदत

समन्स बजावल्यापासून ३० दिवसांत, फार तर ९० दिवसांत प्रतिवादीने लेखी कैफियत दाखल करावी, असे दिवाणी प्रक्रिया संहितेतील २००२ ची दुरुस्ती सांगते. २००५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ही मुदत निर्देशात्मक ठरविली. अपवादात्मक परिस्थितीत, कारणे नोंदवून, ती वाढविता येते. हे रास्तच. अंथरुणाला खिळलेल्या प्रतिवादीचे म्हणणे न ऐकताच निकाल लागावा, हे कोणाला रुचेल? परंतु अपवाद नित्याचा झाला की भाऊबंदकीच्या दाव्यात कब्जेदाराचे फावते, वादीच्या हाती तारखा उरतात. (वकीलवर्गाला हे ठाऊक नाही, असे थोडेच आहे!) मोठ्या व्यापारी दाव्यांत २०१५ च्या कायद्याने १२० दिवसांनंतर कैफियतीचा हक्कच संपविला. ही शिस्त शेतकऱ्याच्या बांधाच्या दाव्याला का नसावी? निदान मुदतवाढ देताना कारणे खरोखर तपासली जावीत आणि विलंबाचा खर्च वादीच्या पदरात पडावा.