पहाटेचा मुहूर्त आणि वधूची तयारी

सकाळीं सातचा मुहूर्त असला, कीं घरीं येणाऱ्या ब्यूटिशियन बाईंना वडील मंडळी तीच वेळ कळवितात. आमच्या मतें चूक येथेंच होते. वधूला त्यापूर्वीं गौरीहराशीं बसावयाचें असतें. वेळ तेथून मागें मोजावी. आमच्याच घरच्या एका कार्यांत आई, काकू, आत्या यांचे अंबाडे आधीं झाले आणि वधू शेवटीं, धापा टाकीतच पाटावर बसली. अन्नपूर्णेवर अक्षता वाहतांना तिचें चित्त नथीच्या फासांतच अडकलें होतें! म्हणून किती जणींची केशभूषा, मदतनीस कोण, प्रवासखर्च किती, हें आधींच लिहून घ्यावें. प्रसाधनें दोन दिवस आधीं कोपराच्या आंतील बाजूस लावून पाहावीं. त्या पहाटे पहिला मान मात्र वधूचा असावा. आपले अंबाडे आपण एकमेकींचे घालूं.