बापूकाकांचा हंडा

मंडळी, काहींना आवडणार नाही, तरी लिहितो.

2025 च्या मार्चमध्ये ‘छावा’ पाहून लोक बुऱ्हाणपूरजवळ असीरगडच्या शेतांत रात्री टॉर्च घेऊन मोहरा उकरत होते. आपल्याकडे सगळे हसले. मला हसू आलं नाही. आमच्या धारच्या वाड्यात हेच वर्षानुवर्षं चाललेलं मी पाहिलंय.

आमचे बापूकाका शाळामास्तर. हिशेबाला चोख. 1976 मध्ये जयपूरच्या जयगडावर सरकारने खजिन्यासाठी खोदकाम केलं, ते कात्रण त्यांनी देवघरात ठेवलं. काही सापडलं नाही असं सरकारनेच सांगितलं, ते कात्रण मात्र ठेवलं नाही!

आधी ओसरी खणली, मग बळद. मग पायाळू माणूस हवा म्हणून देवासहून आत्याच्या नणंदेचा मुलगा आणला. डोळ्यांत अंजन घालून अमावस्येच्या रात्री उभा केला. पोराला भूक लागली असावी, त्याने स्वयंपाकघराकडे बोट दाखवलं. दुसऱ्या दिवशी काकूची चूल उखडली. काकूने तीन महिने अंगणात विटा मांडून स्वयंपाक केला. एका शब्दाने बोलली नाही.

निघालं काय? एक चेपलेला तांब्या, दोन धब्बू पैसे आणि मागच्या भिंतीचा पाया. पुढच्या पावसाळ्यात भिंतच बसली.

धारमध्ये धन नव्हतं असं नाही. 1857 च्या ऑक्टोबरात किल्ला पडला तेव्हा आतला खजिना इंग्रज फौजेने लूट म्हणून नेला. संस्थानही खालसा केलं, ते 1860 मध्ये परत दिलं, पण बैरसिया परगणा भोपाळला गेला. काका म्हणायचे, दुसरे बाजीराव 1775 मध्ये याच किल्ल्यात जन्मले, तेव्हा पेशव्यांचं सोनं इथेच असणार. अहो, तान्हं पोर काय मोहरा घेऊन जन्माला येतं? आणि नानासाहेबांचं बिठूरच्या विहिरीतलं सोनं-चांदीही इंग्रजांनीच उपसून काढलं.

2022 मध्ये धारमध्येच एक जुनं घर पाडताना सोन्याची 86 नाणी निघाली. कोणाला? राडारोडा उचलणाऱ्या मजुरांना. त्यांनी वाटून घेतली आणि आठ जणांना पोलिसांनी धरलं. दहा रुपयांवरचं गुप्तधन सापडलं तर कलेक्टरला कळवावं लागतं, 1878 चा कायदा आहे. काकांना तो पाठ होता, तरी पहार सुटली नाही. म्हणून मला वाटतं, त्यांना सोनं नकोच होतं. आपलं घराणं एके काळी कोणीतरी होतं, एवढा पुरावा त्या मास्तरांना हवा होता.

आणि तो पुरावा माळ्यावर पडून होता. ट्रंकभर मोडी कागद. नकाशासारखे दिसले तेवढे काकांनी ठेवले, बाकीचे रद्दीत घातले. त्या पैशांतून नवी पहार आली.

धार-देवासच्या ज्या घरांत अशी ट्रंक असेल, त्यांनी ती विकू नका, मला कळवा. मी येऊन फोटो काढून देईन, चहा पुरे. आमचे उरलेले एकोणीस कागद गेल्या महिन्यात मोडी जाणणाऱ्या एका गृहस्थांनी वाचले. नकाशे शेताच्या बांधांचे निघाले. एका कागदावर मात्र आमच्या खापरपणजीचं माहेरचं नाव आहे, जे आजवर घरात कोणालाच ठाऊक नव्हतं. ती कुठून आली, कोणाची मुलगी, हे तिथे लिहायला घेतलंय आणि पान संपलंय. पुढचं पान रद्दीत गेलं.